‘हाऊच से’ म्हणण्याआधी

चोपडा तालुक्यातल्या एका तरुण शेतकऱ्याने विचारलं आहे. थोडक्यात असं: केळीच्या कांदेबागेतली सहा-सातशे खोडं आणि दोन एकरांवरच्या ठिबकच्या नळ्या कुणीतरी एका रात्रीत कापून टाकल्या. बांधावरून ज्याच्याशी वाद आहे त्या चुलतभावाचा कोयता पोलिसांनी जप्त केला. गावात सगळे म्हणताहेत, कोयता प्रयोगशाळेत गेला की शंभर टक्के सिद्ध होईल, याच कोयत्याने कापलं. खरंच असं सिद्ध होतं का?

भाऊ, माझी नोकरी याच कामात गेली. हत्यारांच्या खुणा आणि बंदुका, दोन्ही पाहिलं. आधी सरळ उत्तर देतो. खोडावरून काहीही सिद्ध होणार नाही. नळीवरून बरंच काही सांगता येईल, पण ती नीट उचलली असेल तर. आणि ‘शंभर टक्के’ हे शब्द ज्या तज्ज्ञाच्या तोंडून निघतील त्याच्यापासून जरा सावध राहा, तो तुमच्या बाजूने बोलत असला तरीही.

खोडाचं आधी उरकतो. केळीचं खोड म्हणजे लाकूड नाही, एकात एक गुंडाळलेले पानांचे देठ. त्यात नव्वद टक्क्यांहून जास्त पाणी. कोयत्याचा घाव बसला की तंतू फाटतात, पाणी सुटतं, तासाभरात कापलेला भाग तपकिरी पडतो आणि आकसायला लागतो. वर मधला पोंगा, म्हणजे न उलगडलेलं कोवळं पान, वाढायचा थांबत नाही. सकाळी कापलेलं खोड संध्याकाळी पाहा, मधला भाग वर सरकलेला दिसेल. त्याचा उपयोग एकच, घाव साधारण केव्हाचा हे एखादा अनुभवी बागायतदार त्यावरून सांगू शकतो. पण कोयत्याच्या धारेतल्या बारीक खाचांची रेघ त्या ओल्या चोथ्यावर टिकत नाही. लोणी कापलेल्या सुरीची धार लोण्यावरून ओळखण्यासारखं आहे ते.

कोयत्यावर केळीचा चीक सापडला, हे पंचनाम्यात मोठ्या उत्साहाने लिहिलेलं असेल. तुमच्या पट्ट्यात ज्या कोयत्यावर केळीचा चीक नाही असा एक तरी दाखवा! मग कुणी म्हणतं, डीएनए करा ना चिकाचा. १९९२ साली अमेरिकेत अॅरिझोनातल्या एका खुनात असं झालंही होतं. संशयिताच्या गाडीच्या हौद्यात ‘पालो व्हर्दे’ नावाच्या झाडाच्या शेंगा सापडल्या. त्या घटनास्थळाजवळच्या एका ठरावीक झाडाच्याच आहेत, असं डीएनएवरून दाखवता आलं, कारण ती झाडं बियांपासून उगवलेली, प्रत्येकाचा वारसा वेगळा. आपली केळी बियांपासून उगवत नाही. टिश्यू कल्चरची ग्रँड नैन घ्या नाहीतर कंद लावून आणलेली जुनी बसराई घ्या, रोप म्हणजे आईचीच प्रत. तुमच्या बागेतलं झाड, चुलतभावाच्या बागेतलं आणि रावेरला कुणाच्या मळ्यातलं, जात एक असेल तर डीएनए जवळजवळ एकच. एरवी सगळ्यात खात्रीची मानली जाणारी पद्धत इथे सपशेल आडवी पडते. पद्धत वाईट म्हणून नव्हे. ज्या वस्तूंना वेगळं करायचं त्याच मुळात वेगळ्या नाहीत.

हे लक्षात ठेवा, पुढे सगळीकडे कामाला येईल. ‘हे नेमकं याचंच’ असं म्हणायचं तर दोन गोष्टी लागतात. मूळ वस्तू दुसऱ्या वस्तूंपेक्षा वेगळी असली पाहिजे, आणि तो वेगळेपणा मागे राहिलेल्या खुणेत पुरेसा उतरला पाहिजे. लोक पहिल्या गोष्टीवर वाद घालतात. कोर्टात बहुतेक वेळा घसरतं ते दुसरीवर.

आता नळी. ठिबकची काळी नळी पॉलिथिलीनची असते. मऊ, पण खोडासारखी चोथा होणारी नाही. धार तिच्यातून जाते तेव्हा कापलेल्या काठावर बारीक समांतर रेघा उमटतात. धारेत जिथे दाता पडला आहे तिथे उंचवटा, जिथे बारीक मणी उरला आहे तिथे खोबण. नळीची जाडी एक मिलिमीटरच्या आसपास, म्हणजे एटीएम कार्डाच्या कडेएवढ्या पट्टीवर हे सगळं लिहिलेलं असतं. काळ्या रंगावर रेघा नीट दिसत नाहीत म्हणून आम्ही आधी राखाडी सिलिकॉनचा साचा घ्यायचो आणि तो तिरक्या उजेडात पाहायचो. दिवा खाली आणला की रेघा अशा उठून दिसतात, जशी संध्याकाळच्या उन्हात नांगरटीची तासं.

मग जप्त कोयता घ्यायचा. त्याची धार फूटभर, आणि ज्याने कापलं त्याने कुठल्या भागाने कापलं हे कुणालाच माहीत नाही. म्हणून त्याच जातीच्या नव्या नळीवर धारेच्या टोकापासून मुठीपर्यंत, दर काही मिलिमीटरला, वेगवेगळ्या कोनांत नमुन्याचे काप घ्यायचे. कोन बदलला की रेघांमधली अंतरं बदलतात. उभा घाव आणि ओढून मारलेला घाव, एकाच कोयत्याचे असूनही वेगळे दिसतात. एका कोयत्याचे शंभर-सव्वाशे नमुने होतात. ते एकेक करून तुलना-सूक्ष्मदर्शकाखाली लावायचे. हे यंत्र म्हणजे दोन सूक्ष्मदर्शक मधल्या पुलाने जोडलेले. डाव्या अर्ध्यात शेतातली नळी, उजव्या अर्ध्यात आपला नमुना, मध्ये एक बारीक रेष. १९२५ च्या सुमारास न्यूयॉर्कमध्ये गोळ्या तपासायला ते वापरात आलं आणि आजही मूळ कल्पना तीच आहे. उजवा नमुना हळूहळू सरकवत जायचा. शेकडो वेळा काही जुळत नाही. मग एखाद्या वेळी डावीकडची रेघ मधली रेष ओलांडून उजवीकडे तशीच चालत जाते, तिच्या शेजारची जाते, तिच्या पुढची जाते. तो क्षण मी अनेकदा पाहिला आहे आणि दर वेळी छातीत धस्स झालं आहे.

पण त्या क्षणीच माणूस फसतो. १९५० च्या दशकात कॅलिफोर्नियात अल्फ्रेड बियासोटी या तज्ज्ञाने मोजून पाहिलं. वेगवेगळ्या बंदुकांतून सुटलेल्या गोळ्यांवरही साधारण १५ ते २० टक्के रेघा एकमेकींशी जुळत होत्या. निव्वळ योगायोगाने! फरक कुठे होता, तर एकामागून एक, खंड न पडता जुळणाऱ्या रेघांची रांग परक्या बंदुकांत तीन-चारच्या पुढे गेली नाही. म्हणून ‘वीस रेघा जुळल्या’ याला अर्थ नाही. वीस कुठल्या, किती पैकी, लागोपाठ किती, हे विचारायचं. तुमच्या वकिलांना हे वाक्य लिहून द्या.

माझीच चूक सांगतो. नोकरीला लागून चार-पाच वर्षं झाली होती. शेतातल्या मोटारींच्या केबल चोरीची केस होती. तांब्याच्या तारेवर कटरच्या जबड्याच्या खुणा, आरोपीकडून जप्त केलेला कटर, रेघा झकास जुळलेल्या. मी साक्षीत ठणकावून सांगितलं, याच कटरने कापलं, दुसऱ्या कुठल्याही नाही. उलटतपासणीला वकील म्हातारे होते, आवाज खाली. म्हणाले, साहेब, हा कटर ज्या डब्यातून विकला गेला त्या डब्यातले बाकीचे कटर तुम्ही तपासले का? मी म्हटलं, त्याची गरज नसते. त्यांनी मान हलवली आणि खाली बसले, आणखी एक शब्द विचारला नाही. ते मला रात्रभर लागलं. दुसऱ्या आठवड्यात स्वतःच्या पैशाने एकाच डब्यातले पाच नवे कोरे कटर घेतले आणि तारा कापून पाहिल्या. पाचांतल्या दोघांच्या मोठ्या रेघा हुबेहूब सारख्या. जबडे एकाच साच्यात, एकाच पात्याने घासून काढलेले, त्या पात्याची खोड दोघांवर उतरली होती. वापरून वापरून पडलेल्या बारीक खाचाच काय त्या वेगळ्या. मी कोर्टात ज्या रेघा दाखवल्या होत्या त्यातल्या किती कारखान्याच्या आणि किती त्या कटरच्या स्वतःच्या, हे मी वेगळं केलंच नव्हतं. त्या केसमध्ये आरोपीच्या घरातून चोरीची केबलही निघाली होती, म्हणून अनर्थ झाला नाही. पण ‘दुसऱ्या कुठल्याही नाही’ हे शब्द मी त्यानंतर कुठल्याही अहवालात लिहिले नाहीत.

याच हिशेबाने तुमच्याकडे एक गोष्ट बरी आहे. कोयता कारखान्याचा नसेल, गावच्या लोहाराने ट्रकच्या जुन्या कमानपाट्यातून ठोकून कानशीने धार काढलेला असेल, तर साच्याची भानगड उरत नाही. हाताने मारलेली कानस दोनदा सारखी चालत नाही. सातपुड्यापलीकडून येणाऱ्या गावठी कट्ट्यांचंही तसंच. ज्या कट्ट्याच्या नळीला आतून आट्या नसतात, तिथे गोळीवरच्या रेघांवरून हाती फार काही लागत नाही. पण हाताने घासलेल्या फायरिंग पिनचा ठसा काडतुसाच्या बुडावर असा बसतो की कारखान्याच्या पिस्तुलापेक्षा तो ओळखायला सोपा. गावठी म्हणून हसू नये, आमच्या कामाला तेच सोयीचं.

उलट बाजूही ऐका. घटनेनंतर आठ दिवसांनी कोयता जप्त झाला आणि मधल्या काळात त्याला धार लावली असेल तर जुनी धार गेली. मग जुळणार नाही, आणि न जुळण्याचा अर्थ ‘हा कोयता नव्हता’ असाही होत नाही. अशा वेळी प्रामाणिक अहवाल ‘निष्कर्ष काढता येत नाही’ असा येतो. लोक त्याला तज्ज्ञ विकला गेला म्हणतात. तुम्ही म्हणू नका.

हे ‘जगात एकच’ प्रकरण आलं कुठून? बोटांच्या ठशांवरून. १८९२ साली फ्रान्सिस गाल्टनने हिशेब मांडला की दोन बोटांचे ठसे सारखे निघण्याची शक्यता ६४ अब्जांत एक. १८९७ मध्ये कलकत्त्याला ठशांचं कार्यालय निघालं, जगातलं पहिलं. वर्गीकरणाची जी पद्धत हेन्री साहेबाच्या नावाने जगभर गेली तिच्यामागची डोकेफोड अझीझुल हक आणि हेमचंद्र बोस या दोघा बंगाली अंमलदारांची होती, हे आपल्याकडच्या पोलीस प्रशिक्षणातही फारसं कुणी सांगत नाही. पुढे १९६३ मध्ये पॉल कर्क या अमेरिकी शास्त्रज्ञाने लिहिलं की गुन्हेशास्त्रीय तपासणी म्हणजे एकाच स्रोतापर्यंत पोचण्याचं शास्त्र. आम्ही शिकलो ते याच वळणावर. ठसा घ्या, बूट घ्या, कोयता घ्या, शेवटी एकच नाव निघालं पाहिजे.

गाल्टनचा आकडा दहा बोटं शाईत बुडवून घेतलेल्या स्वच्छ ठशांच्या जगातला. घटनास्थळावरचा ठसा म्हणजे पुसट, दाबलेला, अर्धा. २००४ साली माद्रिदच्या रेल्वे स्फोटांनंतर डेटोनेटर असलेल्या पिशवीवर एक ठसा मिळाला. अमेरिकेच्या एफबीआयने तो संगणकात टाकला, वीस जवळचे ठसे निघाले, त्यात ओरेगॉनमधल्या ब्रँडन मेफील्ड या वकिलाचा होता. तीन एफबीआय तज्ज्ञांनी एकमताने सांगितलं, हाच. न्यायालयाने नेमलेल्या चौथ्यानेही तेच सांगितलं. मेफील्ड दोन आठवडे कोठडीत. मग स्पेनच्या पोलिसांनी कळवलं की ठसा एका अल्जेरियन माणसाचा आहे, आणि तो त्याचाच निघाला. मेफील्डची बोटं काही अल्जेरियन माणसासारखी नव्हती, दोघांची बोटं वेगवेगळीच होती. फक्त त्या पुसट तुकड्यात वेगळेपण पुरेसं उतरलं नव्हतं, आणि पाहणाऱ्यांना जुळवायचं होतं.

हे तुम्हाला रेशन दुकानावरून समजेल. तिथे यंत्रावर अंगठा ठेवला की ते एकच विचारतं, या कार्डावर ज्याचं नाव आहे तो हाच का? शेतमजुराच्या हाताला, मिरची निवडणाऱ्या बाईच्या हाताला रेघा झिजलेल्या असतात, यंत्र नाही म्हणतं, ‘अंगठा लागत नाही’. ते एकाशी एक. माद्रिदचा शोध होता एकाशी कोट्यवधी. ढीग जितका मोठा, तितका त्यात दिसायला सारखा परका माणूस सापडण्याची शक्यता जास्त. आपल्याकडे २०२२ पासून ठशांची ‘नाफीस’ ही राष्ट्रीय संगणक यंत्रणा चालू आहे. चांगली गोष्ट आहे. पण यंत्राने यादी दिली म्हणजे काम संपत नाही, तिथून सुरू होतं.

आणि मनाची गोष्ट. इंग्लंडमध्ये इटिएल ड्रोर नावाच्या संशोधकाने २००६ साली पाच अनुभवी तज्ज्ञांना, त्यांनीच पूर्वी ‘जुळतात’ म्हणून सांगितलेले ठसे पुन्हा दाखवले. फक्त सांगितलं की हे माद्रिदच्या त्या चुकीच्या प्रकरणातले आहेत. पाचातल्या चौघांनी आपलाच जुना निकाल फिरवला. तेव्हापासून मी तपासी अंमलदाराला सांगायचो, आरोपीने कबुली दिली का, वैर किती जुनं, हे मला आधी सांगू नका. त्यांना ते फार लागायचं. एका हवालदाराने कोयता आणि नळीचा तुकडा एकाच पिशवीतून आणला आणि माझ्यासमोर धार कापात बसवून दाखवली: “बराबर बसना साहेब, हाऊच से!” म्हणजे अहिराणीत, बरोबर बसला, हाच आहे. माणूस अमळनेरकडचा, मनाने चांगला. पण त्याच्या त्या एका हालचालीने कापावर कोयत्याची नवी रेघ उमटली आणि तो तुकडा माझ्या दृष्टीने संपला. धार कापात घालून पाहायची नसते. कधीच नाही.

मग सगळं टाकाऊ आहे का? अजिबात नाही. २०११ साली अमेरिकेत १६९ ठसेतज्ज्ञांची परीक्षा घेतली गेली. परक्याचा ठसा ‘याचाच’ म्हणण्याची चूक हजारात एक झाली, आणि खरोखर जुळणारा ठसा ‘नाही’ म्हणण्याची शंभरात सात-आठ. म्हणजे विद्या उपयोगाची आहे, फक्त ती शून्य चुकीची नाही. २००९ मध्ये अमेरिकेच्या राष्ट्रीय विज्ञान अकादमीच्या समितीने स्पष्ट लिहिलं की केंद्रकातला डीएनए सोडला तर कुठल्याच पद्धतीने खूण आणि एकच व्यक्ती किंवा वस्तू यांचं नातं खात्रीने जोडता येतं असं कसोशीने सिद्ध झालेलं नाही. आमच्या खात्यात त्यावर बरीच चिडचिड झाली. मला ती टीका पटली, केबलच्या केसमुळे असेल.

केसांचं तर विचारूच नका. सूक्ष्मदर्शकाखाली केस जुळवून दिलेल्या साक्षी एफबीआयने स्वतः तपासल्या, २०१५ मध्ये जाहीर केलं की आरोपीविरुद्ध दिलेल्या ज्या २६८ साक्षी पाहून झाल्या त्यातल्या ९५ टक्क्यांहून जास्त साक्षींत शास्त्राला न झेपणारी विधानं होती. कापसाच्या धाग्याचंही तेच. रंग न दिलेला पांढरा सुती धागा आरोपीच्या कपड्यावर सापडला, असं खान्देशात लिहून पाठवणं म्हणजे जिनिंगमध्ये जाऊन सरकी सापडली म्हणण्यासारखं. काळ्या मातीचंही तसंच, धुळ्यापासून भुसावळपर्यंत बेसॉल्ट झिजून झालेली. चपलेला लागलेली काळी माती फक्त एवढं सांगते की माणूस डांबरी सडकेवरून आला नाही. तापीकाठचा गाळ किंवा सातपुड्याच्या पायथ्याची मुरमाड लाल माती काळ्या रानात सापडली तर मात्र कान टवकारावेत.

डीएनएचा मुद्दा तुमच्या केसमध्ये येऊ शकतो, म्हणून थोडं. कोयत्याच्या मुठीवर घामाचा अंश मिळाला समजा. पूर्ण नमुना मिळाला तर जुळा भाऊ सोडून दुसऱ्या कुणाचा असण्याची शक्यता इतकी बारीक की वाद उरत नाही. पण मुठीवर बहुतेक वेळा तीन-चार जणांची सरमिसळ आणि अर्धवट नमुना असतो. समजा अहवालात आलं, ‘दहा लाखांत एक’. ऐकायला भारी. २०११ च्या जनगणनेत जळगाव जिल्हा ४२ लाखांचा, धुळे साडेवीस, नंदुरबार साडेसोळा. मिळून खान्देशात ७९ लाख माणसं. म्हणजे असा नमुना जुळणारी सात-आठ माणसं खान्देशातच निघतील. सरकारी वकील मात्र ‘तो निर्दोष असण्याची शक्यता दहा लाखांत एक’ असं बोलून जातात. त्या दोन वाक्यांत जमीन-अस्मानाचं अंतर आहे. त्या सात-आठांपैकी बांधाला लागून शेत कुणाचं, रात्री तिथे कोण होतं, ते बाकीच्या पुराव्याने ठरतं.

त्यात आपल्याकडची खास अडचण म्हणजे भाऊबंदकी. अहवालातला आकडा नातं नसलेल्या माणसांसाठी काढलेला असतो, आणि बांधाच्या भांडणातले संशयित बहुधा सख्खे-चुलतच असतात. अर्धवट नमुन्यात सख्खा भाऊ जुळण्याची शक्यता परक्यापेक्षा कितीतरी पटीने जास्त. फक्त पुरुषांकडे असणाऱ्या वाय गुणसूत्राची चाचणी केली असेल तर बाप, मुलगे, काका, चुलतभाऊ सगळ्यांचा निकाल बहुधा एकच. तुम्ही आणि तुमचा चुलतभाऊ एकाच आजोबांच्या मुलांची मुलं असाल, तर त्या चाचणीत तुम्ही स्वतःसुद्धा जुळाल! वकिलांना विचारायला सांगा, कुठली चाचणी केली.

आता नमुना पूर्ण, जुळणी निर्विवाद, तरी निष्कर्ष चुकीचा, असंही होतं. जर्मनीत २००७ मध्ये हाइलब्रॉन शहरात एका महिला पोलिसाचा खून झाला. तिथे मिळालेला स्त्रीचा डीएनए जर्मनी, ऑस्ट्रिया, फ्रान्समधल्या चाळीस घटनास्थळांवरच्या नमुन्यांशी जुळला. खुनापासून किरकोळ चोरीपर्यंत सगळीकडे तीच बाई. दोन वर्षं पोलीस तिच्या मागे. २००९ मध्ये कळलं की नमुना घ्यायच्या कापसाच्या काड्या ज्या कारखान्यात तयार होत तिथल्या कामगार बाईचा तो डीएनए. काड्या निर्जंतुक होत्या, डीएनएमुक्त नव्हत्या. स्रोत एकच होता, अगदी बरोबर ओळखला होता. गुन्ह्याशी त्याचा काडीचाही संबंध नव्हता. होता तो फक्त काडीशीच.

याचं आपल्याकडचं जुनं उदाहरण १८९८ चं, जलपाईगुडीच्या चहामळ्यातलं. मॅनेजरचा खून, आणि त्याच्या सामानातल्या बंगाली पंचांगावर डागाळलेला अंगठा. ठसा कांगाली चरण या जुन्या नोकराचा निघाला. ठशावरून चोरी सिद्ध झाली, तो तिथे होता हे मान्य झालं. खुनातून मात्र त्याला सोडलं, कारण हात कुणाचा एवढंच ठसा सांगतो, त्या हाताने आणखी काय केलं ते सांगत नाही. सव्वाशे वर्षांपूर्वीच्या त्या न्यायाधीशांना जे कळलं ते आजच्या बातमीदारांना कळत नाही.

तुमच्या केसमध्ये हे असं लागू होतं. समजा प्रयोगशाळेने लिहिलं की नळीवरच्या आणि कोयत्याच्या खुणांमधलं साम्य, तो कोयता वापरला असेल तर अपेक्षित आहे आणि दुसरा वापरला असेल तर फार दुर्मीळ आहे. अहवाल याच भाषेत असावा असं माझं मत. तरी तो कोयत्याविषयी बोलला. कोयता कोठ्यात टांगलेला होता की ओट्यावर पडलेला, सालदार घेऊन जायचा का, कापणीला आलेल्या टोळीने उसना नेला होता का, यावर तो अवाक्षर बोलत नाही.

कायद्याचं थोडक्यात. भारतीय साक्ष अधिनियमाच्या कलम ३९ प्रमाणे तज्ज्ञाचं म्हणणं हे मत असतं, न्यायालयावर बंधनकारक नसतं. सरकारी प्रयोगशाळेचा अहवाल नागरिक सुरक्षा संहितेच्या कलम ३२९ खाली तज्ज्ञ न येताही दाखल होतो, पण न्यायालय त्याला बोलावू शकतं. बोलवायला सांगा. कागद उलटतपासणीला उत्तर देत नाही. सात वर्षं किंवा जास्त शिक्षेच्या गुन्ह्यात तज्ज्ञाने घटनास्थळी जाणं नव्या संहितेत सक्तीचं आहे. नासधुशीला लागणाऱ्या भारतीय न्याय संहितेच्या कलम ३२४ ला कमाल पाच वर्षं, म्हणून तुमच्याकडे कुणी आपणहून येणार नाही. अर्ज देऊन मागणी करा. आणि मुद्देमालाची साखळी: कुणी उचललं, कुणी सील केलं, ठाण्यात किती दिवस पडलं, नाशिकला कुणी नेलं. २०२३ मध्ये महाराष्ट्रातल्याच एका प्रकरणात फाशीची शिक्षा झालेला आरोपी सर्वोच्च न्यायालयातून सुटला, त्यात डीएनए नमुन्यांच्या साखळीतले खंड हे मोठं कारण होतं.

आता तातडीचं. कापलेल्या नळ्या अजून शेतात असतील तर त्यांना हात लावू नका, पण उन्हातही ठेवू नका. पॉलिथिलीन तापलं की काठ वळतो आणि रेघा विरतात. गोणपाटाची सावली करा आणि ठाण्यात सांगा. पंचांसमोर कापाच्या दोन्ही बाजूंचे, वीतभर लांबीचे तुकडे घ्यायला लावा. घटनेतल्या कापाच्या टोकाला कागदाची टोपी आणि सुतळी. जे टोक पोलिसांनी नव्याने कापलं त्यावर रंगाचा ठिपका, नाहीतर प्रयोगशाळेत कुणीतरी पोलिसांच्याच कात्रीची खूण तपासत बसतं. हेही पाहिलं आहे मी. एकाच जागचे दहा तुकडे देण्यापेक्षा बागेच्या चार कोपऱ्यांतले दोन-दोन द्या, म्हणजे हत्यार एक होतं की तीन हेही कळेल. न कापलेली दहा फूट नळी त्याच बंडलातली सोबत द्या, नमुन्याचे काप घ्यायला लागते. कोयत्याची धार जाड पुठ्ठ्यात बांधलेली असावी आणि तो वेगळ्या पिशवीत, वेगळ्या सीलखाली जावा.

तुमच्या स्वतःच्या घरातले कोयतेही द्या, सालदाराचा धरून. तुम्हाला विचित्र वाटेल, पण त्या नळ्या गेल्या वर्षभरात तुम्हीही कुठे ना कुठे कापल्या असतील, जोड काढायला, कोपरा वळवायला. ते काप वेगळे काढल्याशिवाय बाकीच्यांचा अर्थ लागणार नाही.